अधांतर संघाच्या अक्का

सभा सुरू होण्याआधी अक्का मला खिडकी लावून घ्यायला सांगायच्या. "लाव गं. जमीन ऐकती," म्हणायच्या. मग मी त्यांच्या कानाशी उशीवर फोन ठेवायची आणि राजारामपुरीतल्या चौथ्या मजल्यावरच्या खाटेवरून आभाळातल्या नगरांचा कारभार सुरू व्हायचा.

मी किनवटची. सातवीतच शाळा सुटली. आजारी माणसाची सेवा करायच्या कामावर एवढ्या लांब आले, तेव्हा दारातच उभी राहिले. अक्कांना लहानपणापासून स्नायूंचा आजार. मानेखालचं काही हलत नसे, आवाज मात्र बाजारात हाळी दिल्यासारखा. "आत या की पावणं! मी काय उठून चावतो व्हय?" आत आणखी कुणी पुरुष आहे असं वाटून मी खोलीभर नजर फिरवली. इकडच्या बायका स्वतःला 'मी आलो, मी जेवलो' म्हणतात, हे मला कुठे ठाऊक! अक्का त्यावर आठवडाभर हसत होत्या.

अधांतर संघ त्यांचाच. त्यांच्यासारखीच अंथरुणाला खिळलेली आणखी चार माणसं, कुणी जयसिंगपूरला, कुणी गडहिंग्लजला, रोज संध्याकाळी फोनवर जमायची. कुणाच्या घराला लिफ्ट नाही, कुणाला उचलायला माणूस नाही. आपण अडकलेलो नाही, तरंगतोय, असं अक्कांनी ठरवून टाकलं होतं. प्रत्येकाचं ढगांवर एक नगर. अक्कांचं उंचपुरी. नगरांची भांडणंही असायची. जयसिंगपूरचे कल्लाप्पाकाका ट्रकवरून पडून पाठ मोडलेले. त्यांच्यावर कायम ढगचोरीचा आरोप.

"काका, गडहिंग्लजचा पाऊस परत पळवलासा न्हवं?"

"वारंच तिकडनं आलं, अध्यक्ष! मी काय शिट्टी मारून बोलवलंतं?"

"दंड म्हणून उद्या तुमच्या नगरात ऊन पडंल. दोन्ही वेळचं."

लहानपणी अक्कांचे वडील त्यांना खांद्यावर बसवून दूध संघाच्या सभेला न्यायचे. तिथे ठराव वाचायच्या आधीच सगळा मांडव 'मंजूर, मंजूर' ओरडायचा. "ठराव कशाचा, कुणाला पत्त्या न्हाय. निस्ता दंगा," अक्का सांगायच्या. म्हणून अधांतर संघात ओरडायला बंदी होती. ज्याचं त्याचं मत नाव घेऊन विचारायचं. आणि अनुमोदक मिळाला नाही, तर ठराव तिथेच पडायचा. "येकट्यानं म्हटलं तर ती तक्रार. दुसऱ्यानं उचलून धरलं की ठराव," हे त्यांचं नेहमीचं वाक्य.

एकदा त्यांनी मलाच सभासद करून घेतलं. मी म्हटलं, "अक्का, मी तर चालतीफिरती बाई."

"व्हय, पर तुज्या पायाखाली तरी कुटं जमीन हाय?"

मला राग आला. भांडी घासताना विचार केला, तर खरंच होतं ते. त्या दिवसापासून किनवट नगर झालं. माझी शाळा सोडवताना कुणी मला विचारलं नव्हतं, लग्न ठरवतानाही नाही. इथे ढगवाटपाला का होईना, "किनवट नगर, तुमचं मत?" असं विचारायचे. घसा साफ करून उत्तर द्यायला मला फार दिवस लागले.

मग एका थंडीत साधी सर्दी अक्कांच्या छातीत उतरली. दवाखान्यातून तात्पुरतं घरी आणलं, तेव्हा डॉक्टरांनी दोन वाटा सांगितल्या होत्या. गळ्याला भोक पाडून कायमचं मशीन लावलं तर आणखी काही वर्षं निघतील, पण बोलणं बहुतेक जाईल. नाहीतर घरीच ठेवा, त्रास कमी व्हायची औषधं देतो. धाकट्या भावाला, महादेवदादांना, मशीन हवं होतं. लहानपणापासून अक्कांना उचलून फिरवणारे तेच.

"अक्का, जगशील तर खरी!"

"म्हाद्या, नगर ऱ्हाईल रं. राज्य जाईल." दम खाऊन त्या म्हणाल्या, "सभा बोलवा."

तोंडावरचा मास्क बाजूला करत, एकेक शब्द सुटा करत अक्कांनी ठराव मांडला : उंचपुरी नगराला नळी लावू नये, बोलत बोलत उतरू द्यावं. सूचक, त्या स्वतः. "अनुमोदन?"

फोनवर कुणीच बोलेना. शेवटी कल्लाप्पाकाका म्हणाले, "अध्यक्ष, आदी ढगांचा विषय घ्या की." खाटेच्या पायाशी उभ्या असलेल्या दादांनी श्वास सोडला. ठराव पडत होता. अक्का माझ्याकडे बघत होत्या. त्या गेल्या तर माझी खोली, पगार, सगळं जाणार होतं, आणि अक्का जाणार होत्या.

"किनवट नगराचं अनुमोदन," मी म्हटलं.

"तू कोण गं मधी बोलणारी?" दादा अंगावर आले.

"सभासद हाय ती," अक्का म्हणाल्या, आणि एकेकाचं नाव घ्यायला लागल्या. सगळ्यांनी 'मंजूर' म्हटलं. काकांनी सगळ्यांत शेवटी. "म्हाद्या, तुजं?" असंही त्यांनी विचारलं. दादा बाहेर निघून गेले. सकाळी मात्र त्रास कमी व्हायची औषधं तेच घेऊन आले.

मला वाटलं होतं, ठरावात म्हटलंय तसं अक्का बोलत बोलत जातील. तसं झालं नाही. शेवटच्या दिवशी आवाज सकाळीच गेला. दुपारी श्वास अडकू लागला, ओठ निळे पडले. डॉक्टरांनी सांगितलेले थेंब मी जिभेखाली दिले, पाठीला उशी लावली. दादा हातात फोन धरून उभे होते.

"गाडी बोलवू का? सांग की! तूच उचलून धरलंतंस न्हवं?"

अक्कांचे डोळे मोठे झाले होते आणि माझ्यावर होते. ठराव लक्षात ठेव म्हणत होते, की ठराव मोडून टाक म्हणत होते? दादांनी नंतर मला कधी बोल लावला नाही, पुढचं कामही त्यांनीच बघून दिलं. त्या डोळ्यांचा अर्थ मात्र मला अजून लागलेला नाही.

"नको," मी म्हटलं.

दादांनी फोन खिशात टाकला. मग ते खाटेवर बसले आणि अक्कांचे पाय त्यांनी मांडीवर घेतले.