बर्फाचा ठराव

आमच्या घरात चहाची पूड येत नसे. चहाच्या मळ्यांवर बायका-मुलांना कसं राबवून घेतात, यावर माझ्या जन्माआधी वडिलांनी एक पत्रक लिहिलं होतं. ते छापून आलं त्या दिवशी घरातला चहाचा डबा रिकामा झाला आणि पुढं त्यात टाचण्या राहायला लागल्या.

वडील कोल्हापुरातल्या एका शाळेत मास्तर होते. पत्रकं लिहिणं हे त्यांचं खरं काम. कॉटखाली पत्रकांचे गठ्ठे, कपाटावर गठ्ठे, पाहुणा जास्त झाला तर बसायलाही गठ्ठा. फडताळात आई जुनी पत्रकं अंथरायची, त्यामुळं मिठाची बरणी उचलली की खाली शेतमजुरांच्या मागण्या दिसत. मी वाचायला शिकले ते त्यांच्यावर. त्यांतलं बहुतेक सगळं मला आजही खरं वाटतं. हे आधीच सांगून ठेवते, कारण पुढचं वाचून कुणी म्हणेल की तत्त्वांनी माणसं कोरडी होतात. मला तसं म्हणायचं नाही. मळ्यावरच्या बाईची मजुरी आजही कमीच आहे.

चहाऐवजी आम्ही गवती चहा प्यायचो. मागच्या मोरीचं पाणी जिथं जिरायचं तिथं त्याचा मोठा ठोंब होता. आईचं माहेर नेसरी. तिचं लग्न नोंदणीचं, जातीबाहेरचं. लग्नाला माहेरचं कुणी आलं नाही आणि ती रिकाम्या हातानं या घरात आली. वर्षभरानं तिच्या वहिनीनं माहेरच्या विहिरीवरचा गवती चहा ओल्या फडक्यात बांधून गावच्या एका माणसाबरोबर पाठवला. माहेरचं म्हणून आईकडं होतं ते एवढंच.

उन्हाळ्यात ती तो गार करायची. वडिलांचे मित्र त्याला हिरवा चहा म्हणत, आणि तो खरंच हिरवा असायचा, कारण आई पात उकळू द्यायची नाही. ऊन चढायच्या आत ती विळीवर पात कापून घ्यायची, धुऊन तिची गाठ मारायची. पाण्याला उकळी आली की पातेलं खाली उतरवायचं, मग त्यात ती गाठ, ठेचलेलं आलं आणि पुदिन्याची चार पानं टाकून वर ताट झाकायचं. चुलीवर राहिलं की रंग जातो आणि वैरणीचा वास येतो, असं ती म्हणायची. गूळ घालायची नाही, साखरच घालायची. आमच्या गुळाच्या गावात हे विचित्रच, पण गुळानं पाणी तांबूस होतं. पातेलं घंगाळातल्या पाण्यात ठेवून पुरतं निवलं की लिंबू. गरम असताना पिळलं तर कडवट लागतं. आणि कधीमधी, कुणी खास आलं तर, बर्फ.

खास कुणी म्हणजे तिच्या मनात एकच माणूस होता. तिचा थोरला भाऊ, माझा मामा. आई त्याला अण्णा म्हणायची. गूळ घेऊन तो मार्केट यार्डात यायचा तेव्हा आमच्या दारात एक ढेप ठेवून जायचा. पायरीवर उभा राहूनच बोलायचा. आत बोलावलं की म्हणायचा, "न्हाई, गाडी हाय." आमच्या घरचं पाणी त्यानं कधी घेतलं नव्हतं. बहिणीच्या नवऱ्याला आमच्याकडं दाजी म्हणतात. मामा वडिलांना मास्तर म्हणायचा.

मी कॉलेजात होते त्या वर्षीच्या वैशाखात स्टँडवर भेटलेल्या गावच्या माणसानं निरोप आणला, की अण्णा ऐतवारी दुपारी येणार हाईत, जरा बसणार हाईत.

"बसणार हाईत म्हणाले?" आईनं दोनदा विचारलं.

"व्हय, तसंच म्हणाले."

आईनं विचार केला होता. जेवायला तो बसणार नाही. गरम काही घेणार नाही, घाम आलाय म्हणेल. "पर उन्हातनं आल्यावर गार पेला पुढं केला की न्हाई म्हणायचं जड जातंय," ती मला म्हणाली. "एकदा घेतलं की झालं. मग पुढच्या बारीला जेवतोय."

रविवारी सकाळी मी सायकलवरून वखारीतून बर्फ आणला. भुशात घोळलेला तुकडा, गोणपाटात गुंडाळून. आईनं तो मोरीच्या कडेला सावलीत ठेवला आणि काचेचे पेले घासायला घेतले.

रविवारी आमच्या बाहेरच्या खोलीत पत्रकं काढणाऱ्या मंडळाची बैठक असे. सात-आठ माणसं, वडिलांसारखीच. तिथं एक रीत होती आणि ती घरातही शिरली होती. सगळं हात वर करून ठरायचं. घराला कोणता रंग द्यायचा, पन्हाळ्याला कधी जायचं, सगळं. आईलाही मत असे. भांडी घासता घासता ती राखेचा हात वर करायची. मत घेणं सुरू असताना कुणी बोलायचं नाही, हा वडिलांचा नियम. गप्पांत माणसं एकमेकांकडं बघून हात वर करतात, असं त्यांचं म्हणणं.

त्या दिवशी सूतगिरणीत काम करणारे एक काका उशिरा आले. मोरीत पाय धुताना त्यांना गोणपाट दिसलं.

"मास्तर, हा बर्फ कुठला?"

"वखारीतला. का?"

"बर्फाच्या कारखान्यातली पोरं सकाळपासनं संपावर बसल्यात. आणि तुमच्या मोरीत बर्फ?"

खोलीत एकदम जान आली. दाढीवाला एक वकिलीचा विद्यार्थी म्हणाला, हा बर्फ काल गोठवलेला असणार, म्हणजे संपाआधीचा, म्हणजे त्यात कामगारांचा घाम आहे, तो फेकणं हा त्यांचा अपमान. काका म्हणाले, घाम कालचा असला तरी विक्री आजची, आणि विकला मालकानं. दुसरे एक जण म्हणाले, विकत घेतलाच आहे, आता वापरला काय आणि न वापरला काय. त्यावर काका म्हणाले, "मग मोरीतच वितळू दे की. तुमच्या पोटात कशाला?"

"पोटात गेला तर काय संप फुटतोय काय?"

"तिथनंच फुटतोय."

आतल्या खोलीत मी लिंबं पिळत होते. आई दाराआड उभी होती. एकदा ती हळूच म्हणाली, "अहो, अण्णा येणार हाईत." वडील म्हणाले, "माहीत आहे. पाच मिनिटांत ठरतंय." मोरीतल्या गोणपाटाखालून पाण्याचा ओघळ निघाला होता आणि तो गवती चहाच्या बुडाशी जात होता.

माझं मत त्या दिवशी कुणी विचारलं नाही. विचारलं असतं तर मी काकांच्या बाजूनं बोलले असते.

बर्फ वापरायचा का, यावर वडिलांनी मत घ्यायला सुरुवात केली आणि मामा दारात आला. पायरीवर थांबला नाही. चपला काढल्या, पटका काढून मांडीवर घेतला आणि दाराजवळच्या गठ्ठ्यावर बसला. घामानं सदरा पाठीला चिकटला होता. वडिलांकडं बघून म्हणाला, "काय दाजी, बरं हाय न्हवं?"

दाजी. मी आत ऐकलं आणि आईकडं बघितलं. तिनंही ऐकलं होतं. तिनं तबक उचललं, त्यात भरलेले पेले, बर्फ नसलेले.

वडिलांनी मामाकडं बघून मान हलवली आणि ओठांवर बोट ठेवलं. मत घेणं सुरू होतं.

आई दारात येऊन थांबली. मामासमोर पेले होते, चार हात अंतरावर.

"होय म्हणणाऱ्यांनी हात वर करा," वडील म्हणाले. दोघा-तिघांचे हात वर गेले.

"नाही म्हणणाऱ्यांनी?"

बाकी सगळ्यांचे हात वर गेले, वडिलांचाही. मामानं त्या हातांकडं पाहिलं, मग तबकाकडं, मग बहिणीकडं. आईच्या दोन्ही हातांत तबक होतं. तिला कोणत्याच बाजूनं हात वर करता आला नाही.

मामा उठला.

"येतो गं बाई. गाडी हाय."

"अण्णा, अरं एवढं घे की."

"ऱ्हाऊ दे. तुमचं चालू दे." चपला घालताना तो वडिलांना म्हणाला, "येतो मास्तर."

आई तबक घेऊन पायरीपर्यंत गेली. तो कोपऱ्यावरून वळला होता.

मग वडील म्हणाले, "पाहिलंत? घशाला कोरड पडली तरी जात सुटत नाही." सगळ्यांनी माना हलवल्या. बर्फाविना तो चहा सगळ्यांनी घेतला आणि चांगला झालाय म्हणाले. पुढच्या महिन्याच्या पत्रकात बहिणीच्या घरचं पाणी न पिणाऱ्या एका भावाचा उल्लेख आला. नाव नव्हतं. आईनं तो गठ्ठा फडताळासाठी कधी फोडला नाही.

संप काही दिवसांनी मिटला आणि कामगारांची मागणी मान्य झाली. त्या विजयाच्या सभेत मीही घोषणा दिल्या, आणि त्यांचं मला वाईट वाटत नाही. मामा पुढच्या हंगामात आला तेव्हा पायरीवर ढेप ठेवून गेला. पुढंही तसाच येत राहिला. आईनं त्याला आत बोलावणं बंद केलं. गवती चहा ती गरमच करायला लागली.

काही वर्षांनी मामा वारला. मी आणि आई नेसरीला गेलो. दिवस झाल्यावर मामी आम्हाला मागं विहिरीवर घेऊन गेली. तिथं गवती चहाचा मूळ ठोंब होता, कंबरेएवढा वाढलेला. मामी पात कापता कापता म्हणाली, "एक इचारू का? त्या ऐतवारी काय झालतं?"

"कवाच्या?"

"तुमच्याकडं बसायला आलते तवा. घरनं जाताना मला सांगून गेलते, आज बाईकडं पाणी पिऊन येतो, लई वर्सं झाली. आणि आले ते गप. रात्री म्हणाले, मला द्यायचं का न्हाई त्यावर हात वर करत हुते. दाजींनी बी न्हाईच्या बाजूनं केला."

आई विहिरीच्या काठावर बसली. मामीनं पात तिच्या ओच्यात घातली. येताना एस.टी.त आई सगळा वेळ ती पात धरून होती आणि पातीच्या कडेनं तिच्या बोटाला चिरा पडल्या होत्या.

घरी आल्यावर तिनं वडिलांना सांगितलं. स्वयंपाकघरात, उभ्यानं, जसं मामीनं सांगितलं तसं. वडील म्हणाले, "पण ठराव बर्फाबद्दल होता."

"त्याला काय ठाऊक?" आई म्हणाली.

"विचारायचं त्यानं."

"तुम्ही बोट ठेवलासा की ओठावर."

वडिलांनी कॉटखालून त्या भावाचा उल्लेख असलेल्या पत्रकाचा जुना गठ्ठा ओढून काढला, सुतळी सोडली, वरचं पत्रक वाचलं आणि सुतळी पुन्हा बांधली. आजही तो तिथंच आहे. जाळावा असं त्यांना वाटत असेल, पण छापलेलं जाळायचं नाही हाही त्यांचाच नियम.

आता घरी फ्रिज आहे. वडील निवृत्त झालेत, मंडळ मात्र भरतं, आणि पत्रकं मी लिहिते. या वैशाखात मी पहिल्यांदा आईच्या पद्धतीनं गार हिरवा चहा केला. पात उकळू दिली नाही, लिंबू निवल्यावर पिळलं. तिघांच्या पेल्यात बर्फ घातला. वडिलांनी लगेच घोट घेतला. आईनं पेला खिडकीत ठेवला आणि बर्फ पुरता वितळेपर्यंत हात लावला नाही.

"पाणचट होईल," मी म्हटलं.

"होऊ दे."

वडील पेला खाली ठेवून म्हणाले, "तुझ्या वहिनीला बोलवायचं का? चार दिवस राहतील. बसतील."

याआधी असं काही ठरायचं असलं की ते खोलीभर नजर फिरवत. या वेळी ते फक्त तिच्याकडं बघत होते.

आईनं पेला उचलला, आतलं पाणी जरा हलवून पाहिलं.

"बोलवा," ती म्हणाली. "पर ऐतवारी नगं."