क्रियानष्ट

मुलुंडच्या फिजिओथेरपीच्या दवाखान्यात एक गृहस्थ मला रोज दिसत. अर्धांगवायू झालेल्या थोरल्या भावाला घेऊन येत, भावाच्या घरून आणलेल्या बाटलीतलं पाणी आधी त्याला पाजत आणि उरलेलं उष्टं स्वतः पीत. एकदा मी त्याबद्दल विचारलं.

“गावी वाटणीवरून भांडलो, तेव्हा देवळात बेल उचलून क्रिया केली होती,” ते म्हणाले. “क्रिया म्हणजे शपथ. याच्या घरचं पाणी पिणार नाही म्हणून. ती मोडणारा तो क्रियानष्ट. आजोबांच्या तोंडचा शब्द. अशा माणसाला पंगतीत घेत नसत.”

शपथ मोडणारी माणसं मला आवडत नाहीत. पण यांच्या आवाजात लाज शोधूनही सापडेना.

“आता कोण म्हणतं असं?” मी म्हटलं.

“हा म्हणतो ना. जीभ वळावी म्हणून डॉक्टरांनी रोज अवघड शब्द म्हणवून घ्यायला सांगितलेत. मी हाच दिलाय.”

भाऊ वाकड्या तोंडाने, घाम येईपर्यंत झटून म्हणाला, “क्रि... या... नत.”

त्यांनी त्याची हनुवटी पुसली.

“नष्ट, दादा. नीट म्हण. पुन्हा.”