पांढरं पडलेलं सोनं

धान्याला पारा लावायचं काम मला भारी आवडायचं. आज माझ्या सुनांनी तसं करायला घेतलं तर मीच त्यांच्या हातातून बाटली हिसकावून घेईन, कारण पारा विषारी असतो हे आता शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. पण पन्नास सालानंतरच्या त्या दिवसांत आमच्या केनवड गावात हे कुणी सांगितलं नव्हतं. बाजारातल्या जडीबुटीवाल्याकडून इवल्याशा बाटलीत पारा यायचा. लाकडी काठवटीत तो ओतला की त्याचे मणी सैरावैरा पळायचे. त्यात राख आणि एरंडेल घालून तळहातानं घोटायचं, पाऱ्याची चमक पार जाईपर्यंत. चमक गेली की बायका म्हणायच्या, पारा मेला. मग ते काळं वंगण तुरीला चोळायचं आणि तूर कणगीत भरायची. किड्याची काय बिशाद तिच्याजवळ फिरकायची!

त्या वर्षी घोटायला वहिनी बसली. थोरल्या भावाचं लग्न होऊन जेमतेम दोन-तीन महिने झाले होते. ती रिठदची, माझ्याहून थोडीच मोठी, आणि हसायला लागली की थांबायचीच नाही. आम्ही दोघींनी काम बाजूला ठेवून पाऱ्याचे मणी एकमेकींकडे ढकलायचा खेळ मांडला. मायनं आतून दोनदा हाक मारली, "काय करून राह्यल्या वं पोरीहो?" तेव्हा कुठे घोटायला सुरुवात झाली.

हात धुताना वहिनीनं बोट माझ्यापुढे धरलं. तिच्या बोटातली सोन्याची अंगठी पांढरीफटक पडली होती.

चिंच लावली, राख लावली, लुगड्याच्या पदरानं घासून घासून बोट लाल केलं. अंगठी काही पिवळी होईना. ती अंगठी तिच्या वडलांनी लग्नात घातलेली.

आता तुम्ही म्हणाल, घरात एवढ्या बायका, कुणाला हे माहीत कसं नव्हतं? अहो, माहीत असणार कसं? आमच्याकडे प्रत्येक धातूची जागा ठरलेली होती. पाणी तांब्याच्या हंड्यात, वरण पितळेच्या कल्हई केलेल्या गंजात, म्हणजे पातेल्यात. ॲल्युमिनियम नुकतंच आलं होतं, त्याला आम्ही जर्मन म्हणायचो, आणि मायनं त्याला चहाच्या वर चढू दिलं नव्हतं. सोनं असायचं पेटीत. सणाला निघायचं, सण सरला की परत आत. कामाच्या हातात काचेच्या बांगड्या, फार तर चांदीचं वळं. चांदीला पारा लागला तरी ती मुळात पांढरीच, कोण बघतंय! बोटात सोनं घालून पारा घोटणारी आमच्या घरातली पहिली बाई म्हणजे ही नवी नवरी.

आणि नेमकी तेव्हाच शेजारची चुलत काकू ताक मागायला आली. काकूची नजर म्हणजे घारीची. तिनं वहिनीचा हात उलटसुलट करून पाहिला.

"कथलाची हाय वं हे. वरून सोन्याचं पानी देल्लं. वांगे इकनारा मानूस, तो कुठून आनते सोनं?"

वहिनीच्या वडलांचा रिठदला मळा होता. वांगी, मेथी, कांदे पिकवून ते आमच्याच बाजारात विकायला बसायचे. ते काकूच्या डोळ्यांत आधीपासूनच खुपत होतं. मला असा राग आला की ताकाचा तांब्या तिच्या डोक्यावर उपडा करावा. केला नाही, कारण मायनं माझ्याकडे पाहिलं.

दुसऱ्या दिवशी वहिनीचे वडील तिला अखजीसाठी, म्हणजे अक्षय्य तृतीयेसाठी, माहेरी न्यायला येणार होते. वहिनी जेवली नाही. "माह्या बाबाले कोनी खोटं म्हनू नये, बाकी मले काई नाई पाह्यजे," एवढंच ती मला म्हणाली.

ते सकाळीच आले, डोक्यावर मेथीची गाठोडी. ओट्यावर टेकले न टेकले तोच काकू हजर. गावातल्या आणखी दोघी-तिघी सोबत.

"इवाईबुवा, तुमची अंगठी पांढरी पडली. काहून पडली असंन?" काकूनं व्याह्यांना विचारलं.

त्यांनी लेकीचा हात पाहिला. मग हळूच म्हणाले, "बाई, रिसोडच्या सोनाराकडून घेतली. माह्यासमोर घडवली त्यानं." पाण्याचा तांब्या त्यांच्या हातात तसाच राहिला. काकूनं बायांकडे पाहून मान हलवली.

माय उठली आणि घरात गेली. पेटीची कडी वाजली. ती बाहेर आली तेव्हा तिच्या बोटात तिची स्वतःची अंगठी होती, आसेगावच्या तिच्या बापानं दिलेली. माय माहेराबद्दल फार ताठ होती. तिच्या बापानं दिलेल्या वस्तूला नाव ठेवायची आमच्या बाबांचीही छाती नव्हती.

"पाऱ्याची बाटली आन," ती मला म्हणाली.

बाटलीत थोडा पारा उरला होता. तिनं तो काठवटीत ओतला आणि सगळ्यांसमोर अंगठीसकट बोट त्यात फिरवलं. तिनं बोट वर काढून पदरानं पुसलं. अंगठी पांढरी झाली होती, वहिनीच्या अंगठीहून काकणभर जास्तच.

"माह्या बापाचं सोनं बी कथलाचंच काय वं?" माय काकूला म्हणाली. "सांग ना."

काकूला एकदम चुलीवरचं दूध आठवलं. ती गेली, तिच्या मागोमाग बायाही. वहिनी रडत होती आणि मधेच हसत होती. तिच्या वडलांनी तांब्यातलं पाणी घटाघटा पिऊन टाकलं. पुढे सोनारानं दोन्ही अंगठ्या तापवल्या, पारा उडून गेला आणि दोन्ही पिवळ्याधमक झाल्या. खूप वर्षांनी मी पुस्तकात वाचलं की सोनं पाऱ्यात विरघळतं, आणि देवळांच्या कळसांवर सोनं चढवायला जुने कारागीर हाच गुण वापरत. तो धडा मी अगदी मिटक्या मारत वाचला.

पण मायनं तर असलं काहीच वाचलं नव्हतं. त्या दिवशी पाहुणे गेल्यावर ती चुलीशी बसली तेव्हा मी विचारलं होतं, "माय, तुले माईत होतं काय, पांढरी होईन म्हनून?"

"नाई."

"मंग नसती झाली तं?"

तिनं भाकर उलटली.

"तं म्हटलं असतं, खरं सोनं पाऱ्यात पांढरं होते, माही अंगठीच खोटी हाय."