हिरव्या गॅलरीचं घर

माझी मावशी बसस्टँडवर अनाउन्सर होती. फलाटाच्या टोकाला काचेची एक खोली होती, तिच्यात एक माइक, एक टेबल आणि पाठ दुखवणारी एक खुर्ची. तिथे बसून कुठली गाडी कुठल्या फलाटावर लागली, कुठली उशिरा येणार, कुणाचं पोर हरवलंय आणि कुणाची पिशवी सापडलीय, हे ती सांगायची. आवाज स्वच्छ, एकसारखा, ना चढ ना उतार. स्टँडवरचे हमाल म्हणायचे, "ताईंनी शिव्या दिल्या तरी माणूस शेवटपर्यंत उभा राहून ऐकेल."

मग यंत्र आलं. साहेबांनी तिला बोलावून सांगितलं की यंत्राला खोकला होत नाही आणि रजाही लागत नाही. तिला चौकशीच्या खिडकीत बसवलं. तिथे तिचा जीव रमेना, म्हणून मुदतीआधीच निवृत्ती घेऊन ती घरी बसली. घरी बसली म्हणजे काय, तर रोज एक कपाट उपसायची आणि वेगळ्या तऱ्हेने लावायची. काका औषधांच्या दुकानात कामाला होते. ते म्हणायचे, "दुकानात हजार औषधं आहेत, एक चुकत नाही. घरात माझे मोजे आज कुठे असतील ते मात्र देव जाणे."

त्यांच्याच दुकानाच्या काचेवर एका तरुणाने कागद चिकटवला: स्पष्ट आवाजाची व्यक्ती पाहिजे. काम काय ते न विचारताच काकांनी मावशीचा फोन नंबर देऊन टाकला.

काम होतं जुन्या बंदराच्या मागच्या गल्ल्यांमधून लोकांना फिरवण्याचं. हा भाग एके काळी बदनाम होता. जुगाराचे अड्डे, चोरटी दारू, बायकांची घरं, चाकूचे वार. जहाजं बंद झाली तसं सगळं ओसरलं. आता तिथे कुरिअरची ऑफिसं, गोदामं, एक व्यायामशाळा आणि भाडं परवडतं म्हणून राहणारी साधी कुटुंबं होती. या तरुणाने त्या जुन्या बदनामीवर धंदा उभा केला होता. शनिवार-रविवारी तिकीट काढून लोक यायचे आणि कुठे खून झाला, कुठे कोण पकडलं गेलं ते ऐकत फिरायचे. त्याला सगळे मालक म्हणायचे. तो मावशीच्या मुलाच्या वयाचा, पण तीही त्याला अहो-जाहोच करायची. पगार देणाऱ्याला अरे-तुरे करायची तिची पद्धत नव्हती.

काम ऐकल्यावर काकांनी मोजे शोधायला घेतले. माझी आई मात्र गप्प बसली नाही. "या वयात त्या गल्लीत जाणार तू? लोक काय म्हणतील?"

"लोक तिकीट काढून तिथेच येणार आहेत," मावशी म्हणाली. "म्हणायला सवड कुठे मिळणार?"

मालकाने गोष्टी लिहून दिल्या, तिने पाठ केल्या. त्याला वाटलं होतं, ती जरा नाट्य आणेल, आवाज घोगरा करेल. तिला ते जमलंच नाही. ती बसस्टँडवरच्यासारखंच सांगायची. "या पायऱ्यांवर दोन भावांचा खून झाला. कारण एकच स्त्री. पायऱ्या घसरड्या आहेत, कठड्याला धरून चला." पहिल्या दिवशी मालकाने कपाळाला हात लावला. पण लोकांना नेमकं हेच आवडलं. खून, मारामारी, दगाफटका असं सगळं ही बाई गाडी सुटल्यासारखं सांगते, याची त्यांना गंमत वाटायची. ऐकणारे दुसऱ्यांना पाठवू लागले. काही महिन्यांत शनिवारी दोन फेऱ्या कराव्या लागल्या.

फेरीतलं सगळ्यांत आवडतं ठिकाण होतं हिरव्या गॅलरीचं घर. लाकडी गॅलरी, कोरीव कठडा, रंग उडालेला पण अजून हिरवा. मावशी समोरच्या बाजूला उभी राहून सांगायची की इथे मखमल नावाने ओळखली जाणारी बाई राहायची, तिने बायका ठेवल्या होत्या, जिन्यावर पुरुषांची रांग लागायची. तिने एका लाकडाच्या व्यापाऱ्याला दारूतून विष दिलं आणि त्याच संध्याकाळी त्याचाच कोट अंगावर चढवून ती फिरायला गेली. एवढं झालं की सगळे माना वर करायचे, फोन वर करायचे. दुसऱ्या मजल्याच्या खिडकीत एक बाई शिलाई मशीनवर बसलेली दिसायची. ती फोटोत यायची. तिला कुणी विचारलं नव्हतं.

एका रविवारी फेरी संपवून मावशी परत निघाली, तर ती शिवणवाली बाई कोपऱ्यावर उभी. गळ्यात टेप तशीच.

"जरा वर येता का?" तिने विचारलं. आवाजात राग नव्हता, म्हणून मावशीला जास्त भीती वाटली.

खोली लहान. एका बाजूला मशीन, भिंतीला टांगलेले अर्धे झालेले फ्रॉक आणि शर्ट, मधे कापडाचा ढीग. कोपऱ्यात खाली बसून एक म्हातारी फ्रॉकला हूक लावत होती. ती याच इमारतीत तळमजल्यावर एकटी राहायची आणि शिवणवालीचं हातशिलाईचं काम करायची. सगळे तिला हूकवाली आजी म्हणत. तिने मान वर करून एकदा पाहिलं आणि पुन्हा सुई चालू केली.

शिवणवालीने पाणी दिलं आणि सांगितलं. तिची मुलगी इस्पितळात एक्स-रे काढायच्या विभागात होती. तिच्यासाठी एक स्थळ आलं होतं. मुलाकडची माणसं घरी येऊन गेली, गप्पा झाल्या, सगळं ठीक वाटत होतं. चार दिवसांनी मुलाच्या आत्याचा फोन आला. ती मैत्रिणींबरोबर ही फेरी करून गेली होती. ती म्हणाली, "ते विष घातलेलं घर ते तुमचंच ना? आमच्या घरातल्यांना ते काही पटत नाही."

"आम्ही इथे आलो तेव्हा ही जागा रिकामी होती," शिवणवाली म्हणाली. "आधी कोण राहायचं मला माहीत नाही. मी सकाळपासून संध्याकाळपर्यंत पाय मशीनवर ठेवते. आणि बाहेर उभं राहून तुम्ही सांगता की या जिन्यावर रांग लागायची. तुमचा आवाज असा आहे की खोटं वाटतच नाही."

मावशीने पाण्याचा पेला खाली ठेवला. "मी बोलते मालकांशी," एवढंच म्हणून ती उठली.

दुसऱ्या दिवशी ती ऑफिसात गेली. तिने सगळं सांगितलं आणि ते ठिकाण फेरीतून काढा म्हणाली. मालक वैतागला. "काकू, लोक त्याच्यासाठीच येतात. आणि ती गोष्ट एवढी मनावर काय घेता? मीच लिहिलीय ती."

"तुम्ही लिहिलीत म्हणजे? शब्द तुमचे. घडलं ते खरं ना?"

"अशी घरं या भागात होती हे खरं. पण कुठल्या इमारतीत ते आता कुणाला माहीत? या घराची गॅलरी फोटोत छान येते."

"आणि मखमल?"

"नाव कसं वाटलं?" मालक हसला.

मावशी हसली नाही. "अरे, म्हणजे मी वर्षभर लोकांना चुकीच्या फलाटावर उभं करतेय की काय?" ती म्हणाली. मालकाला तिने अरे म्हटलं ते तेव्हाच पहिल्यांदा.

पुढच्या शनिवारी ती नेहमीसारखी निघाली. पायऱ्या झाल्या, जुगाराचा अड्डा झाला. हिरव्या गॅलरीपाशी ती थांबली आणि म्हणाली, "या घराविषयी आजवर सांगितली गेलेली गोष्ट खोटी होती. ती रद्द करण्यात येत आहे. इथे एक कुटुंब राहतं आणि शिवणकाम करतं. गैरसोयीबद्दल दिलगीर आहोत. पुढे चला."

लोक खळखळून हसले. त्यांना वाटलं हाही खेळाचाच भाग. पण एक गृहस्थ आधी मित्रांकडून मखमलची गोष्ट ऐकून आले होते. त्यांनी तक्रार केली. मालकाने मावशीला उद्यापासून येऊ नका म्हणून कळवलं. तिच्या जागी नाटकात छोटी कामं करणारा एक पोरगा घेतला. तो हातात कंदील घेऊन फिरायचा, दिवसाढवळ्या.

नोकरी गेली याचं मावशीला वाईट वाटलं, पण तिच्या डोक्यात ते मोडलेलं स्थळ घोळत राहिलं. तिने इस्पितळात जाऊन शिवणवालीच्या मुलीला गाठलं आणि त्या आत्याचा पत्ता मागितला. मुलीने तिच्याकडे जरा विचित्र नजरेने पाहिलं, पण पत्ता दिला. "जा हवं तर. आईला मात्र सांगू नका."

काकांना सोबत घेऊन मावशी आत्याकडे गेली. आत्याने ओळखलं, आदराने बसवलं, चहा-बिस्किटं ठेवली. मावशीने सांगितलं की ती गोष्ट खोटी आहे, मालकाने रचलेली आहे, आणि त्या घराला असा काहीही डाग नाही.

आत्याने सगळं ऐकून घेतलं. "मला काही ती खरी वाटली नव्हती हो," ती म्हणाली. "विष घालून त्याचाच कोट घालून फिरायला कोण जाईल?"

"मग नकार का दिलात?"

आत्याने दाराकडे पाहिलं आणि आवाज उतरवला. "मुलगी आमच्या मुलापेक्षा बोटभर उंच आहे. मोटारीपाशी दोघं शेजारी उभे राहिले ना, तेव्हा दिसलं. तो घरी येऊन रुसूनच बसला. आता मुलीच्या आईला हे तोंडावर कसं सांगायचं? काहीतरी कारण लागतंच. तुम्ही ते आयतं दिलंत."

परत येताना काका बसमध्ये हसत होते. मावशी मात्र खिडकीबाहेर बघत बसली. आपलं खोटं खरं मानून कुणी वागलं असतं तर तिला समजलं असतं. खोटं आहे हे ओळखूनही ते कामाला येतं, हे तिला लागलं. कितीतरी दिवस ती हे बोलून दाखवायची.

सांगावं की नाही याचा तिने विचार केला आणि शेवटी ती शिवणवालीकडे गेली. मुलगीही घरीच होती. आजी कोपऱ्यात हूक लावत होती. मावशीने आत्याचं बोलणं जसंच्या तसं सांगितलं.

शिवणवालीने मशीन थांबवली. "बोटभर? एवढ्यासाठी?"

"टाचा होत्या ना," मुलगी म्हणाली.

"कसल्या टाचा?"

"त्यांना सोडायला खाली गेले तेव्हा उंच टाचांच्या चपला घातल्या होत्या मी. मुद्दाम. मला नव्हतंच करायचं त्याच्याशी. तू ऐकत नव्हतीस."

शिवणवालीने गळ्यातली टेप काढून मुलीच्या अंगावर फेकली. आधी आजी हसली, मग मुलगी, आणि बऱ्याच वेळाने शिवणवालीही. "माझी झोप उडाली होती गं," ती म्हणाली, आणि हसताहसताच तिने डोळे पुसले.

मावशी निघाली तेव्हा आजी तिच्या मागोमाग जिना उतरली. मधल्या वळणावर ती पायरीवर बसली आणि मावशीलाही बसवलं.

"तुमची ती मखमल मला आवडायची," आजी म्हणाली. "खालून तुमचा आवाज यायचा. मी दार किलकिलं करून ऐकायचे."

"खोटी होती हो ती."

"माहीत आहे. आम्ही कुणी कुणाला विष घातलं नाही." आजीने पदरावरचा दोरा झटकला. "घालायला हवं होतं."

मग तिने सांगितलं. ती कशी आली, कुणी आणलं, किती वर्षं राहिली, बरोबर कोण होतं, त्यांचं पुढे काय झालं. घर हे नव्हतंच. मागच्या गल्लीत होतं, ते पाडून आता तिथे पाइपांचं गोदाम झालंय. बोलता बोलता जिन्यात अंधारून आलं. वर मशीन सुरू होती. मावशीने मधे एकही प्रश्न विचारला नाही.

शेवटी तिने एकच विचारलं, "हे लोकांना सांगू का?"

"नको," आजी म्हणाली. "मी तुम्हाला सांगितलं. लोकांना नाही."

मावशीने ते मला कधी सांगितलं नाही. काकांनाही नाही. मी दोनदा खोदून पाहिलं, तर ती सरळ उठून कपाट लावायला गेली.

कंदीलवाल्या पोराचं फार दिवस चाललं नाही. नाटकाच्या दौऱ्याची संधी येताच तो निघून गेला, आणि फिरायला येणारे विचारायचे, त्या गाडीवाल्या बाई कुठे गेल्या? मालक काकांच्या दुकानात डोकेदुखीची गोळी घ्यायला आला आणि तिथेच विषय काढून बसला. काकांनी गोळी दिली आणि म्हणाले, "बोलायचं तर घरी या. मी नंबर एकदा दिला, पुरे झालं."

तो घरी आला. मावशीने अट घातली: ज्या घरात आज माणसं राहतात त्याच्याकडे बोट दाखवायचं नाही, आणि जे घडल्याला कसलाच आधार नाही ते सांगायचं नाही. मालक म्हणाला, मग उरतं काय? उरलं तेवढ्यावर फेरी निघाली. ती आधीपेक्षा आखूड आहे. गर्दीही आधीइतकी नसते, पण शनिवारची एक फेरी भरते. पायऱ्यांवरचे भाऊ राहिले, कारण तो खून खराच होता.

गेल्या महिन्यात मी पहिल्यांदाच त्या फेरीला गेले. हूकवाली आजी इस्त्रीचे कपडे घालून आमच्यात आली होती. मालकाने तिच्याकडून तिकिटाचे पैसे घेतले नाहीत. मावशीने तिला बघून मान हलवली, बाकी काही नाही. आम्ही मागच्या गल्लीत वळलो. गोदामाचं शटर अर्धं वर होतं, आत करडे पाइप रचून ठेवलेले. मावशी न बोलता पुढे चालली होती, पण आजीच तिथे थांबली. ती थांबली म्हणून मावशी थांबली, आणि मग सगळेच.

"इथे काय होतं?" एका तरुण मुलीने विचारलं.

मावशीने आजीकडे पाहिलं.

"पाइप मिळतात," आजी म्हणाली. "चांगले असतात. माझ्या मोरीला इथलेच बसवलेत."

ती मुलगी बरं म्हणाली, आणि आम्ही पुढे निघालो.