गातेयस का माफी मागतेयस?

अमेरिकेतल्या मेम्फिस शहराच्या ऑरेंज माउंड वस्तीत आयडेला ट्रूइटचं केशभूषेचं दुकान होतं. दोन खुर्च्या, बसून डोक्यावर ओढायचा एक ड्रायर आणि कोपऱ्यातल्या शेगडीवर सतत तापत ठेवलेला लोखंडी कंगवा. त्या कंगव्याने ती वस्तीतल्या बायकांचे केस सरळ करायची आणि तोंडाने बायकांना. गिऱ्हाइकं तिला मिस आयडेला म्हणत, घरचे ‘सिस’. जिभेला हाड नव्हतं, पण हात असा हलका की कुणाच्या कानाला कधी चटका बसला नाही.

तिची धाकटी बहीण मार्व्हलीन गायिका. लहानपणी दोघी चर्चमध्ये शेजारी उभ्या राहून गायच्या, आणि खरं सांगायचं तर त्यातला मोठा आवाज आयडेलाचा. पण लग्नानंतर थोड्याच दिवसांत तिचा नवरा गिरणीतल्या अपघातात गेला. त्याच्या दफनाच्या वेळी ती गायला उभी राहिली, तर गळ्यातून आवाजच फुटेना. त्यानंतर ती चारचौघांत कधी गायली नाही. बोलणं मात्र थांबलं नाही.

एकाहत्तर साली मार्व्हलीनला पहिला अल्बम मिळाला. पूर्ण, दोन्ही बाजूंचा. एका जुन्या फर्निचरच्या दुकानाचा स्टुडिओ केला होता, तिथे रेकॉर्डिंग चाललं होतं. रेकॉर्ड कंपनीच्या लोकांनी तिला बजावलं होतं, जरा नाजूक गा, म्हणजे सगळ्या रेडिओवाल्यांना चालेल. त्यामुळे ती अशी गात होती की वादकांना जांभया येत होत्या. संध्याकाळी मुखपृष्ठाचा फोटो काढायचा होता, म्हणून आयडेला आपला कंगवा आणि विजेची शेगडी घेऊन कोपऱ्यात येऊन बसली होती.

गाणं होतं नवऱ्याला घराबाहेर काढणाऱ्या बाईचं. मार्व्हलीनने ते चौथ्यांदा सुरू केलं. आयडेलाने पहिलं कडवं कसंबसं सोसलं. दुसऱ्याला ती उठलीच.

“अगं मार्व्ही, तू गातेयस का माफी मागतेयस?”

ड्रमवाला चमकला, पण हात थांबवला नाही. मार्व्हलीन भडकली. “सिस! टेप चालू आहे!”

“मग चालू दे की! त्या माणसाला घराबाहेर काढतेयस ना? हे असं? तो तर सोफ्यावर पाय पसरून जेवण मागेल!”

कुणीतरी फिस्सकन हसलं. मार्व्हलीनलाही हसू आलं, आणि त्या हसण्यातूनच तिचा आवाज असा उसळला की खिडकीची तावदानं थरथरली. ऑर्गनवाला ताठ बसला. ट्रम्पेटवाल्यांनी एकमेकांकडे पाहिलं आणि जीव खाऊन फुंकलं. गाणं संपलं तेव्हा काचेपलीकडे निर्माता क्लेटन सग्ज दोन्ही हात डोक्यावर ठेवून उभा होता.

“हेच,” तो म्हणाला. “हेच पाहिजे होतं. बाकीची सगळी गाणी पुन्हा करायची. आणि मिस आयडेला, तुम्ही कुठेही जायचं नाही.”

तिचं ओरडणं त्याने टेपवरून पुसलं नाही, हे मात्र तिला कुणीच सांगितलं नाही.

ते तिला कळलं एका शनिवारी, दुकान गच्च भरलेलं असताना. मिसेस गेदरचं डोकं फेसात होतं, रेडिओ चालू होता. बहिणीचं गाणं लागलं म्हणून सगळ्या गप्प झाल्या. आणि दुसऱ्या कडव्याला रेडिओतून खणखणीत आवाज आला, “अगं मार्व्ही, तू गातेयस का...”

आयडेलाच्या हातातला तांब्या खाली पडला.

“मिस आयडेला!” मिसेस गेदर फेसासकट उठली. “या तर तुम्ही!”

“मी नाही!”

“तुम्ही नाही? अहो, हे वाक्य मी दर आठवड्याला ऐकते!”

ड्रायरखालची बाई बाहेर आली. सगळ्या जणी रेडिओभोवती कोंडाळं करून नाचायला लागल्या, कुणाचे अर्धे केस सरळ, अर्धे कुरळे. आयडेलाला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं, आणि तरी तिचे पाय थिरकत होते.

मग काय, अल्बम सुसाट सुटला. कोपऱ्यावरच्या दुकानात सकाळी आलेला गठ्ठा दुपारपर्यंत संपायचा. डेट्रॉइट, शिकागो, फिलाडेल्फिया, सगळीकडे तेच गाणं. उन्हाळ्यात त्याला विक्रमी खपाची सुवर्ण तबकडी मिळाली. अनोळखी बायका लांबून गाडी करून यायच्या आणि म्हणायच्या, केस राहू द्या, आधी आम्हाला एकदा ओरडा. एका रविवारी चर्चमधला गायकवृंद मरगळल्यासारखा गायला, तेव्हा खुद्द पास्टर व्यासपीठावरून वळले आणि म्हणाले, “मंडळी, गाताय का माफी मागताय?” अख्खं चर्च हसून उसळलं. आयडेलाच्या आईने, जिने असल्या गाण्यांना आयुष्यभर नाक मुरडलं होतं, आपली हॅट सावरत शेजारणीला सांगितलं, “माझी मोठी ती.”

ऑक्टोबरात मार्व्हलीनचा गावातच कार्यक्रम झाला. शहरातलं सगळ्यात मोठं सभागृह, मुंगीला शिरायला जागा नाही. ते गाणं सुरू झालं, दुसरं कडवं आलं, आणि हजारो लोक ते वाक्य म्हणायला तोंड उघडणार, तोच मार्व्हलीनने हात वर केला.

“थांबा! हे तुमचं नाही. जिचं आहे ती इथे बसलीय. सिस, ये वर!”

आयडेलाने खुर्चीचे हात घट्ट धरले. आईने तिला कोपराने ढोसलं. दोघा वादकांनी तिला हाताला धरून वर नेलं. दिव्यांनी डोळे दिपले, समोर काळोखात नुसता गलबला. तिने माइकपाशी तोंड नेलं आणि जे बाहेर पडलं ते इतकं बारीक होतं, की पहिल्या रांगेलाही ऐकू गेलं नाही.

मग मागच्या सज्जातून कुणीतरी ओरडलं, “मिस आयडेला, बोलताय का माफी मागताय?”

सभागृह फुटलं. आयडेला आधी दचकली, मग कंबरेवर हात ठेवून खदाखदा हसली, आणि त्याच श्वासात गायला लागली. वाक्य नाही, गाणं. मार्व्हलीन एक पाऊल मागे सरली, कारण त्या आवाजापुढे उभं राहायला जागाच उरली नव्हती. मग तीही आली, आणि दोघी चर्चमध्ये गायच्या तशा खांद्याला खांदा लावून गात सुटल्या. ऑर्गनवाला गाणं संपवू देईना. लोक खुर्च्यांवर उभे राहिले. आईने बूट काढून हातात घेतले होते आणि ती मधल्या वाटेत नाचत होती.

पुढच्या महिन्यात मार्व्हलीनची बस दौऱ्यावर निघाली. दुकान मिसेस गेदरच्या भाचीकडे सोपवून आयडेला त्यात चढली. बसवाल्याने विचारलं, “बाई, तुम्ही केस करायला येताय ना?”

“केसही करीन,” ती म्हणाली, आणि खिडकीजवळची जागा पकडून वस्ती मागे पडण्याआधीच सूर लावायला लागली.