हात्सुएबाईंचं कासव

आमच्या गल्लीत कुणी कुणाशी वैर धरत नाही, असं पाहुण्यांना वाटतं. सकाळी सगळे एकमेकांना कमरेत वाकून नमस्कार करतात आणि कचऱ्याच्या पिशव्या ठरलेल्या वारी ठरलेल्या जाळीखाली ठेवतात. अशा पाहुण्यांनी हात्सुएबाई कुसाका यांना समोरच्या निशिवाकीसानना, म्हणजे आपल्याकडे निशिवाकीरावांना, नमस्कार करताना जवळून पाहिलेलं नसतं. बाई जितक्या जास्त खाली वाकतील तितकं प्रकरण चिघळलेलं आहे, एवढं मला इतक्या वर्षांत कळायला लागलं आहे. गेल्या उन्हाळ्यात तर त्यांचं कपाळ गुडघ्याला लागायचं तेवढं बाकी होतं.

ओसाकाच्या दक्षिण टोकाला कुसाका लाँड्रीच्या वरच्या खोलीत मी भाड्यानं राहतो. खाली इस्त्रीची वाफ निघते, त्यामुळे हिवाळ्यात माझी जमीन फुकटात गरम असते आणि उन्हाळ्यातही. हात्सुएबाई सत्तरीच्या. त्यांचे यजमान शोगोसान दिवसभर इस्त्रीमागे उभे असतात आणि शर्टाशी बोलतात, माणसांशी क्वचित.

लाँड्रीच्या समोर, गल्लीच्या वळणावर, एक दगडी जिझो आहे. लहान मुलांचा राखणदार. त्याच्या गळ्यातलं लाल लाळेरं हात्सुएबाई स्वतः शिवतात, धुतात, इस्त्री करून बांधतात. त्यामुळे जिझो कुणाचा, हा प्रश्न त्यांच्या मते कधीच निकालात निघाला होता. आणि फोनवरच्या 'पहारा' नावाच्या खेळात तिथे कुणाचं जनावर बसणार, हाही.

आमच्या गल्लीतली साठीच्या पुढची सगळी मंडळी हा खेळ खेळतात. चाला, असं डॉक्टर सांगून थकले. खेळानं सांगितल्याबरोबर सगळे चालायला लागले. देऊळ, पूल, घड्याळाचा खांब, जे दिसेल तिथे आपलं जनावर पहाऱ्याला बसवायचं. दुसरा कुणी जवळ येऊन, आपलं जनावर त्याच्याशी लढवून, त्याला हुसकावतो. एवढंच. पण घटस्फोट याहून क्षुल्लक कारणांनी झालेले मी पाहिले आहेत. हात्सुएबाईंचं कासव, नाव गोरो, जिझोपाशी तीन वर्षं ठाण मांडून होतं.

मग बाई मोतीबिंदूसाठी इस्पितळात गेल्या. त्यांना भेटायला निशिवाकीसान आले. हे पाणीखात्यातून निवृत्त झालेले, गल्लीच्या मंडळाचे अध्यक्ष, डोकं इस्त्री केल्यासारखं गुळगुळीत. येताना लाकडी पेटीतलं खरबूज घेऊन आले. बाईंनी ते शेवटच्या फोडीपर्यंत खाल्लं आणि नर्सला निशिवाकींचं कौतुक ऐकवलं. घरी आल्यावर एका डोळ्यावर पट्टी असताना त्यांनी फोन उघडला. जिझोपाशी निशिवाकींचं माकड बसलेलं. तारीख खरबुजाचीच.

"खरबूज दिलं आणि परत जाताना जिझो घेऊन गेला!" बाई म्हणाल्या. "आणि मी बिया चोखत बसले होते!"

शोगोसान शर्टाला म्हणाले, "गोड होतं पण."

आता इथे एक रीत आहे. आजारपणात कुणी काही आणून दिलं, तर बरं झाल्यावर त्याला परतभेट पाठवायची. तीसुद्धा वापरून संपणारी, साबण किंवा साखर, म्हणजे तिच्याबरोबर दुखणंही संपतं. परतभेट पोचेपर्यंत तुम्ही त्या माणसाच्या उपकाराखाली. बाईंनी पट्टी काढायच्या आधी, दुसऱ्या दिवशी सकाळीच, उत्तमातली धुण्याची पावडर कागदात बांधून निशिवाकींच्या दारी नेली. कपाळ जवळजवळ पायरीला लावलं. परत येऊन मला म्हणाल्या, "फिटलं. आता तो आणि मी सारखे. आता बघतेच त्याला."

पण माकड हटेना. निशिवाकींची ओसरी जिझोच्या शेजारीच. एक गुडघा दुखरा, म्हणून ते दिवसभर पाय लांब करून तिथेच बसतात. बाईंनी माकडाला हुसकावलं की चहाचा कप खाली न ठेवता ते त्याला परत बसवत. तेव्हा बाईंनी धोरण बदललं. हल्ले थांबवले आणि खेळातली रत्नं विकत घेऊन साठवायला सुरुवात केली. रत्नं दिली की जनावराला पोलादी कवच मिळतं. उन्हाळ्याच्या शेवटी जिझोचा उत्सव असतो. सगळी गल्ली त्याच्यापुढे जमते, मुलांना खाऊ वाटतात. त्या दिवशी सगळ्यांच्या देखत माकडाला उडवायचं ठरलं. माझ्या शर्टाला चिठ्ठी टोचता टोचता हा बेत त्या मला इतक्या मायेनं सांगायच्या, की एखाद्या नातीच्या लग्नाची तयारी चालू आहे असं वाटावं.

आणि उत्सवाला थोडे दिवस उरले असताना त्यांचा अँड्रॉइड फोन फुगला. बॅटरी सुजून पाठीचं झाकण पुरीसारखं वर आलं. नागोयाच्या लेकीनं तातडीनं आपला वापरलेला आयफोन पाठवला. फोनच्या दुकानातल्या मुलीनं त्यात फोटो आणि नंबर घालून दिले.

"आणि माझं कासव?" बाईंनी विचारलं.

"खेळातलं तुमचं तुम्हालाच हलवावं लागेल, आजी. जुना बंद पडायच्या आत करा. दोन्ही फोनांची जात वेगळी आहे, आपोआप नाही यायचं ते."

बाई तडक माझ्याकडे आल्या. मी भारतीय, म्हणजे मला यंत्रातलं कळतं, असा त्यांचा समज. मी बराच वेळ दोन्ही फोन दोन हातांत धरून बसलो. मग त्या म्हणाल्या, "तुम्ही वजन करताय का त्यांचं?"

शोगोसान आतून म्हणाले, "निशिवाकीनं केलंय. गेल्या वर्षी. अँड्रॉइडमधून आयफोनमध्ये."

बाईंनी दोन्ही फोन माझ्या हातांतून काढून घेतले.

"त्यानं?" बाई म्हणाल्या. "त्याच्या हातात देऊ गोरोला? माकडवाल्याच्या?"

"मग फोन फुटू दे," शोगोसान शर्टाला म्हणाले.

मला साक्षीदार म्हणून बरोबर नेलं. निशिवाकीसान ओसरीवर होते, गुडघा उशीवर. त्यांनी थंड बार्लीचा चहा पुढे केला. फुगलेला फोन पाहून त्यांनी हळहळ व्यक्त केली आणि मनापासून केली, हे मला मान्य करायला हवं.

"आधी एक सांगतो, हात्सुएसान," ते म्हणाले. "विकत घेतलेली रत्नं पलीकडे जात नाहीत. जनावरं जातात, रत्नं नाही. मला कुणी सांगितलं नव्हतं. सगळी गेली माझी."

खरंच गेली होती. मंडळाच्या बैठकीत गटारांच्या विषयानंतर त्यांनी त्याबद्दल अख्खं भाषण केलं होतं.

"म्हणजे?" बाई म्हणाल्या.

"म्हणजे हलवायच्या आधी इथल्या इथे खर्च करून टाका."

"कशावरही?"

"कशावरही. वाया जाण्यापेक्षा बरं."

बाईंनी चहाचा घोट घेतला. पदार्थ चाखणाऱ्या माणसासारखा चेहरा केला. मग माझ्या कानाशी येऊन म्हणाल्या, "काम अजून सुरू झालेलं नाही. म्हणजे उपकारही सुरू झालेला नाही. बरोबर?"

मी म्हणालो, "चहा?"

"चहा धरत नाहीत."

आणि निशिवाकींच्याच ओसरीवर, त्यांनीच दिलेल्या उशीवर बसून, बाईंनी साठवलेलं सगळं गोरोच्या पाठीवर ओतलं आणि त्याला माकडावर सोडलं. जिझो तिथून हाताच्या अंतरावर. निशिवाकींच्या खिशात फोन किणकिणला. मग पुन्हा. मग पुन्हा. माकड दरवेळी थोडं अधिक मार खात होतं, हे त्यांना न बघता कळत होतं. त्यांनी फोन बाहेर काढला नाही. यजमान होते ना. शेवटी एक लांब किणकिण झाली आणि थांबली.

"झाली खर्च?" त्यांनी विचारलं.

"झाली," बाई म्हणाल्या. "फार बरं वाटलं."

"आणा मग इकडे."

जुन्या फोनावर खेळानं एक सांकेतिक आकडा दिला, तो नव्या फोनात गेला. मग पासवर्ड. बाईंनी नवा फोन छातीशी धरला. "मी घालते." त्या अपरिचित कळफलकावर त्यांचं बोट घसरलं. चुकलं. पुन्हा घातला. पुन्हा चुकलं. फोनावर लाल अक्षरं आली.

"आता एकच संधी," निशिवाकीसान म्हणाले. "तीही हुकली तर खातं कायमचं बंद. कासव गेलं. मला सांगा, मी घालतो."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी गटाराकडे पाहिलं. फुगलेल्या फोनातून टक्क असा आवाज आला.

"तो मी इस्पितळातून आले त्या दिवशी ठेवलाय," बाई म्हणाल्या.

"हो, हो. काय आहे?"

"टकल्या निशिवाकी."

गल्लीतून एक सायकल गेली. निशिवाकीसाननी एकदा डोक्यावरून हात फिरवला.

"इंग्रजी अक्षरांत? जोडून?" त्यांनी विचारलं.

"जोडून."

"टकल्याचं पहिलं अक्षर मोठं का लहान?"

"लहान."

"आणि माझं?"

"मोठं," बाई म्हणाल्या. "रीत म्हणून."

त्यांनी एकेक अक्षर शांतपणे, बोट न चुकवता घातलं. पडद्यावर पांढरं वर्तुळ फिरलं, फिरलं आणि गोरो उगवला, पोलादी कवचासकट. बाईंच्या घशातून जो आवाज आला तो मी त्यांच्या नातवाच्या जन्मालाही ऐकला नव्हता. त्यांनी वाकून आभार मानले. खरेखुरे, म्हणजे फार खोल न वाकता.

"छे, यात काय एवढं," निशिवाकीसान म्हणाले, आणि सावकाश हसले. "तुमच्यासाठी एवढं तर करायलाच हवं."

ते हसू मला तेव्हाच आवडलं नव्हतं. बाईंना ते रस्ता ओलांडल्यावर कळलं.

"उपकार केला त्यानं माझ्यावर," त्या दुकानात येऊन मटकन बसल्या. "मुद्दाम नीट केलं. आता परतभेट देईपर्यंत मला त्याच्यावर हात उचलता येत नाही."

त्याच संध्याकाळपासून माकड कामाला लागलं. पोलादी कवच झालं तरी सतत मार खाल्ला की जनावर थकतं. बाईंना गोरोला चारा घालता आला असता, पण उपकाराखाली असताना प्रतिकारही करायचा नाही, हा त्यांचा स्वतःचा कायदा. दोन दिवसांत जिझोपाशी पुन्हा माकड.

परतभेट तर तयारच होती. पण निशिवाकीसान घरात नसत. म्हणजे असत. ओसरीचं दार सरकवून बंद केलेलं, आत बेसबॉलचा सामना चालू, आणि बाई दाराशी. "निशिवाकीसान, आहात ना? मला तुमच्या चपला दिसतायत!" आत सामन्याचा आवाज फक्त कमी व्हायचा. टपालानं परतभेट पाठवली तर ती 'घरी कुणी नाही' म्हणून परत आली. बाई भात कमी जेवायला लागल्या. माझ्या शर्टांना चिठ्ठ्या चुकीच्या लागू लागल्या.

उत्सवाच्या दिवशी त्यांनी लाळेरं नवं बांधलं. जिझोपुढे कंदील लागले, मुलं रांगेत उभी. मंडळाचे अध्यक्ष म्हणून निशिवाकीसान टेबलामागे उभे राहून येईल त्याच्याकडून खाऊ, फळं, पाकिटं दोन्ही हातांनी घेत होते आणि वाकत होते. तिथून अध्यक्षाला पळता येत नाही.

बाई रांगेत आल्या. मागोमाग शोगोसान, हातात धुण्याच्या पावडरीचा भलामोठा खोका, लाँड्र्यांना घाऊक मिळतो तो.

"त्या दिवशी फारच मदत झाली," बाई सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाल्या. "अगदी किरकोळ आहे हो, घ्याच."

घेतल्यावाचून गत्यंतर नव्हतं. निशिवाकीसाननी दोन्ही हात पुढे केले, शोगोसाननी खोका सोडला, आणि दुखऱ्या गुडघ्यासकट निशिवाकीसान टेबलापर्यंत खाली वाकले. रीतीप्रमाणे काही क्षण तसेच राहिले.

फिटलं. बाईंचा अंगठा फोनावरच होता.

निशिवाकींच्या खिशात किणकिणलं. हात खोक्याखाली अडकलेले. पुन्हा किणकिणलं. मुलं हसायला लागली. ते खोक्याआडून डोकं वर काढून बाईंकडे बघत राहिले, आणि खिशात माकड एकटंच लढून पडलं. लांब किणकिण झाली.

हात्सुएबाईंनी जिझोचं लाळेरं सारखं केलं. मग वळून, अत्यंत काळजीच्या सुरात, त्या म्हणाल्या, "गुडघ्याचं अंगावर काढू नका हो, निशिवाकीसान. एकदा इस्पितळात जाऊन ऑपरेशन करूनच टाका. मी येईन ना भेटायला. खरबूज घेऊन."