हसल्याबिगर उठाचं नाही

आमच्या धपामामांइतकं सुंदर पडणारा माणूस मी पाहिला नाही. झाडीपट्टीच्या नाटकांत जन्मभर धपकन पडणाऱ्या दारुड्याचं काम केलं, म्हणून सडक अर्जुनीपासून दरेकशापर्यंत ते धपामामाच. दारूला मात्र कधी शिवले नाहीत. "पेलेला मानूस कसाबी पडते गा. त्यात कला कायची?" म्हणायचे.

पडण्याचा त्यांचा नियम एकच, "लोकं हसल्याबिगर उठाचं नाही." डोळे मिटून वाट पाहायची, हशा आला की दोन्ही हात टेकून उभं. माझ्या लग्नात भाताच्या घमेल्यासकट पडले, ते नवरदेव हसेपर्यंत उठलेच नाहीत. नवरदेवाची मनःस्थिती हसण्याची नव्हती. भात पार गार झाला.

पुढे मंडळ्यांनी तरणी पोरं घेतली. "आता मले पडाले कोनी बोलावत नाही, बाबू," म्हणायचे.

गेल्या वर्षी माझ्या मुलानं दारूबंदीच्या काळातली हसवणारी शॉर्ट फिल्म काढायची ठरवली. मोहाची दारू मडक्यात लपवून पळणारा म्हातारा आणि मागे ढेरपोट्या हवालदार. म्हातारा मामा, हवालदार मी. ढेरी घरचीच होती.

मुर्री गावाजवळ धानाच्या चिखलभरल्या बांधीत मामा धुऱ्याच्या उंचवट्यावरून असे कोसळले की मडकं फुटलं आणि माझी शिट्टी तोंडातच राहिली. पण आवाज रेकॉर्ड होत होता, हसायचं नाही असा मुलाचा दम होता. आम्ही तोंडं दाबून उभे. मामा चिखलात वाट पाहत पडलेले. अखेर मान उचलून म्हणाले, "काऊन गा, नाही जमलं?"

"एक नंबर जमलं, मामा."

"खोटं नोको बोलू. एकबी हसला नाही."

कुणी धरायच्या आत दुसरं मडकं घेऊन ते धुऱ्यावर चढले आणि आणखी जोरात पडले. मडकं शाबूत राहिलं, खुबा मोडला.

गोंदियाच्या डॉक्टरांनी सांगितलं, या वयात ऑपरेशन झेपायचं नाही. मामा खाटेला लागले ते लागलेच.

फिल्म तयार झाल्यावर आम्ही सगळे मोबाईल घेऊन त्यांच्या खाटेभोवती बसलो. मडकं फुटलं तशी सगळी खोली हसली, मामीसुद्धा. मामा डोळे मिटून होते. हशा ऐकताच त्यांनी दोन्ही हात खाटेवर टेकले. कोपरं थरथरली. कंबर हलली नाही.

एकेकाचं हसू थांबलं. मोबाईलमध्ये मी तेवढा ढेरी सावरत धावत होतो.

"थांबले काऊन गा?" मामा म्हणाले. "हसा अजून थोडसं. उठून राहिलो मी."